शिवराज्याभिषेकाची साधने

छत्रपती शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक रायगडावर ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६, आनंदनाम संवत्सरी (६ जून १६७४) झाला. या प्रसंगाची माहिती संस्कृत प्रयोगग्रंथ, शकावल्या, इंग्रजांची पत्रे, बखरी, नाणी व शिलालेख यांतून मिळते. ही साधने एकाच मोलाची नाहीत. त्यामुळे राज्याभिषेकाविषयीचे कोणते विधान कोणत्या साधनावर उभे आहे, हे पाहणे अगत्याचे ठरते.

तिथी व तारीख

जेधे शकावलीत या घटनेची नोंद ज्येष्ठ शुद्ध द्वादशी, शुक्रवार अशी असून तीन घटका रात्र उरली असता महाराज सिंहासनावर बसले, असे म्हटले आहे. प्रचलित तिथी मात्र त्रयोदशी आहे. हा विरोध वरवरचा आहे. भारतीय गणनेत वार सूर्योदयापासून सूर्योदयापर्यंत चालतो आणि त्या दिवसाला सूर्योदयाच्या वेळची तिथी दिली जाते. शुक्रवारी सूर्योदयाला द्वादशी होती. ती दिवसाच संपून मुहूर्ताच्या वेळी त्रयोदशी लागली होती. एक घटका २४ मिनिटांची असल्याने तीन घटका म्हणजे सूर्योदयापूर्वीची सुमारे सव्वा तासाची वेळ. युरोपीय गणनेनुसार मध्यरात्रीच वार बदलून शनिवार, ६ जून सुरू झाला होता. ही तारीख तत्कालीन इंग्रजांच्या जुन्या (ज्युलियन) पंचांगातील आहे. आजच्या ग्रेगोरियन पंचांगाप्रमाणे ती १६ जून येते. अनेक लेखांत दोन्ही तारखा खुलाशाशिवाय दिल्या जातात व वाचकाचा गोंधळ होतो.

समकालीन साधने

धार्मिक विधींसाठी काशीचे पंडित गागाभट्ट यांचा ‘श्रीशिवराजाभिषेकप्रयोग’ हा संस्कृत ग्रंथ महत्त्वाचा आहे. वा. सी. बेंद्रे यांनी तो संपादित केला. मात्र प्रयोगग्रंथ विधी कसा करावा हे सांगतो; तो कसा पार पडला याचा तो वृत्तांत नव्हे.

प्रत्यक्षदर्शी वृत्तांत ईस्ट इंडिया कंपनीचा वकील हेन्री ऑक्झेंडन याचा आहे. राजापूरच्या लुटलेल्या वखारीची भरपाई व व्यापाराच्या सवलती यांची बोलणी करण्यासाठी तो रायगडावर आला होता. महाराजांच्या सुवर्णतुलेला सुमारे १६,००० होन लागल्याचे तो नोंदवतो. सिंहासनाजवळच्या भाल्यांच्या टोकांवरील मत्स्यमुखे, घोड्यांच्या शेपट्या आणि तराजू या राजचिन्हांचे वर्णनही त्याच्याकडूनच मिळते. विधींचा अर्थ त्याला उमगला असेल असे नाही, पण डोळ्यांनी पाहिलेल्या वस्तूंबाबत त्याची साक्ष मोलाची आहे.

‘श्री राजा शिव’ व ‘छत्रपति’ ही अक्षरे असलेले सोन्याचे होन आणि तांब्याच्या शिवराया नव्या पदाची साक्ष देतात. रायगडावरील जगदीश्वर मंदिराच्या संस्कृत शिलालेखात शके १५९६ हे वर्ष अंकांऐवजी संख्यावाचक शब्दांनी कोरले आहे. हे शब्द उजवीकडून डावीकडे मोजावे लागतात.

दुसरा राज्याभिषेक

राज्याभिषेकानंतर थोड्याच दिवसांत, १७ जून रोजी जिजाबाईंचे निधन झाले. पुढे २४ सप्टेंबर १६७४ रोजी निश्चलपुरी गोसावी यांनी तांत्रिक पद्धतीने दुसरा अभिषेक केला. त्याचे मुख्य साधन ‘शिवराज्याभिषेककल्पतरु’ हे संस्कृत काव्य होय. ते निश्चलपुरींची बाजू मांडते व अशुभ घटनांचे खापर पहिल्या विधीतील उणिवांवर फोडते. म्हणून त्यातील गागाभट्टांवरील टीका ‘कल्पतरूनुसार’ असे म्हणूनच द्यावी लागते.

बखरी

कृष्णाजी अनंत सभासद याने राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून जिंजी येथे १७व्या शतकाच्या अखेरीस बखर लिहिली. बत्तीस मणांचे सुवर्णसिंहासन आणि एक कोटी बेचाळीस लक्ष होनांचा खर्च हे सुप्रसिद्ध आकडे तिच्यातले आहेत. खर्चाचा आकडा इतिहासकार अतिशयोक्त मानतात. तरीही तो पुष्कळदा बखरीचे नाव न घेता हिशेबी सत्य म्हणून उद्धृत होतो. मल्हार रामराव चिटणीस यांची बखर १९व्या शतकाच्या आरंभीची, म्हणजे घटनेनंतर सव्वाशेहून अधिक वर्षांनी लिहिलेली आहे. तिच्यातील तपशिलाला जुन्या साधनाचा दुजोरा नसेल, तर तो परंपरा म्हणूनच नोंदवणे योग्य.

कवींद्र परमानंदाच्या ‘शिवभारता’चा हवालाही काही ठिकाणी आढळतो. तो चुकीचा आहे. समकालीन असले तरी ते काव्य अपूर्ण असून त्याचे कथानक राज्याभिषेकाच्या बरेच आधी थांबते.