विशाल निकम

विशाल निकम हे मराठी चित्रपट व दूरचित्रवाणी अभिनेते आहेत. स्टार प्रवाह वाहिनीवरील 'दख्खनचा राजा जोतिबा' या मालिकेतील शीर्षक भूमिकेमुळे ते घरोघरी परिचित झाले. सांगली जिल्ह्याच्या खानापूर तालुक्यातील देविखिंडी हे त्यांचे मूळ गाव.

कारकिर्दीचा प्रारंभ
'मिथुन' (२०१८) आणि 'धुमस' (२०१९) हे त्यांचे आरंभीचे चित्रपट. पुढे 'साता जल्माच्या गाठी' या मालिकेत ते नायक होते. तथापि प्रेक्षकांच्या मनात त्यांचे स्थान दृढ झाले ते पुढील भूमिकेने.

जोतिबाची भूमिका
पन्हाळा तालुक्यातील वाडी रत्नागिरीच्या डोंगरावरील जोतिबा, अर्थात केदारनाथ, हे महाराष्ट्रातील व उत्तर कर्नाटकातील असंख्य घराण्यांचे कुलदैवत होय. चैत्र पौर्णिमेला येथे सासनकाठ्या नाचतात, 'चांगभलं'चा गजर होतो आणि सारा डोंगर गुलालाने माखतो. अशा जागृत श्रद्धेच्या देवतेला मानवी चेहरा देणे हे जोखमीचे काम होते.

कोठारे व्हिजनची निर्मिती असलेली ही मालिका २३ ऑक्टोबर २०२० रोजी, ऐन नवरात्रात सुरू झाली. चित्रीकरण कोल्हापूर चित्रनगरीत झाले. त्या वेळी करोनाच्या साथीमुळे राज्यातील मंदिरे भाविकांसाठी बंद होती. ती १६ नोव्हेंबरला उघडली. २०२० आणि २०२१ या दोन्ही वर्षी चैत्र यात्रा भरली नाही. डोंगर चढता न आलेल्या भाविकांना देव पडद्यावर भेटत होता, ही बाब या भूमिकेचा विचार करताना दृष्टिआड करता येत नाही. अभिनयाच्या गुणदोषांपलीकडचे असे काही या लोकप्रियतेत होते.

मात्र सारेच संतुष्ट नव्हते. मालिकेचे कथानक 'केदारविजय' या ग्रंथाशी जुळत नाही, असा आक्षेप वाडी रत्नागिरीच्या ग्रामस्थांनी व पुजाऱ्यांनी घेतला. आक्षेपाचा रोख लेखनावर होता, नटावर नव्हे; परंतु पौराणिक भूमिकेत नटाच्या वाट्याला अशा वादाची झळ येतेच. दररोज भाग दाखवायचा तर कथेत भर घालावी लागते आणि पोथी वाचून मोठ्या झालेल्या भक्ताला ती भर खटकते. दोन्ही बाजूंची अडचण खरी होती.

२०२१ मध्येच त्यांनी 'जय भवानी जय शिवाजी' या मालिकेत शिवा काशीद साकारले. १६६० साली पन्हाळ्याच्या वेढ्यातून शिवाजी महाराजांना निसटता यावे म्हणून त्यांचा वेश घेऊन पालखीत बसलेला हा वीर पन्हाळ्याच्या पायथ्याच्या नेबापूरचा. जोतिबाचा डोंगर व पन्हाळगड एकमेकांचे शेजारी. एकाच वर्षात या नटाने एकाचा देव आणि दुसऱ्याचा वीर रंगविला.

पुढील वाटचाल
'बिग बॉस मराठी'च्या तिसऱ्या पर्वाचे ते विजेते ठरले (२६ डिसेंबर २०२१). त्यानंतर त्यांनी कलर्स मराठीच्या 'आई – मायेचं कवच' या मालिकेत काम केले. मे २०२४ मध्ये सुरू झालेल्या, पंढरपूरच्या पार्श्वभूमीवरील 'येड लागलं प्रेमाचं' या मालिकेत त्यांनी रायाची भूमिका केली. तीत पूजा बिरारी त्यांच्या नायिका होत्या.