भैरवीखालचा पियानो

लुई बँक्स हे नाव बहुतेक मराठी रसिकांना अनोळखी असते, आणि तरीही त्यांचे काम ऐकले नाही असा चाळिशी ओलांडलेला मराठी माणूस सापडणे कठीण. १५ ऑगस्ट १९८८ रोजी दूरदर्शनवर ‘मिले सुर मेरा तुम्हारा’ लागले. भीमसेनजींचा आवाज सर्वांच्या लक्षात राहिला. मूळ चाल अशोक पाटकींची, हेही जाणकार सांगतात. पण एकामागून एक भाषा येतात, प्रत्येकीचा बाज बदलतो, आणि तरी गाणे कुठे तुटत नाही. तो सांधा वाद्यमेळाचा आहे आणि वाद्यमेळ बँक्स यांचा.

गाणे भैरवीत आहे. आमच्या मावळात भजनाच्या बारीत भैरवी आली की लोक चपला शोधू लागतात. ती शेवटाची खूण. इथे तिच्यापासूनच सुरुवात होते. आणि तिच्याखाली पाश्चात्त्य पद्धतीचे स्वरमेळ ठेवण्याचे काम आले ते जॅझ वाजवणाऱ्या पियानोवादकाकडे. हा माणूस तिथवर कसा पोहोचला, याचा माग काढावासा वाटला तो यामुळे.

बँक्स यांचा जन्म १९४१ साली दार्जिलिंगला, एका नेपाळी कुटुंबात. वडील पुष्कर बहादूर ट्रम्पेट वाजवीत आणि जॉर्ज बँक्स या नावाने ओळखले जात. मुलाचे मूळ नाव डंबर बहादूर. पुढे लुई आर्मस्ट्राँगवरून तो लुई झाला. पियानोचे धडे घरातच मिळाले. काठमांडूच्या हॉटेलात वडिलांच्या बँडमध्ये वाजवून झाल्यावर १९७०च्या दशकात ते कलकत्त्याला, पार्क स्ट्रीटवरच्या ‘ब्लू फॉक्स’मध्ये आले. गायिका पॅम क्रेन आणि गोव्याचे सॅक्सोफोनवादक ब्राझ गोन्साल्विस हे तिथले सोबती. राहुलदेव बर्मन यांनी त्यांचे वादन ऐकले आणि मुंबईचे बोलावणे आले. मुंबईत सिनेमाची वादने, जाहिरातींची गाणी, त्यांवर घर चालले. त्या कामाला नाके मुरडणारे पुष्कळ असतात. मला मात्र वाटते, तीस सेकंदांत चाल उभी करण्याची ती तालीम ‘मिले सुर’च्या सांध्यांत उपयोगी पडली असणार.

खरा पेच दुसरीकडे होता. १९७८ साली मुंबईत धोबी तलावाजवळच्या रंगभवनात ‘जॅझ यात्रा’ सुरू झाली आणि त्यातून पुढे बँक्स, गोन्साल्विस आणि कर्नाटक संगीताच्या गायिका आर. ए. राममणी एकत्र आले. रागाला पियानोची अडचण का होते, हे पेटीवर हात ठेवलेल्या कुणालाही कळेल. मींड नाही, श्रुती बांधलेल्या. आकाशवाणीने १९४० पासून १९७१ पर्यंत पेटीला दूर ठेवले ते याच कारणाने. आणि गंमत अशी की तिच्याविरुद्ध लेख लिहिणाऱ्यांत जॉन फोल्ड्ससारखा इंग्रज संगीतकारही होता. पियानोची अडचण तर पेटीहून मोठी. नेहमीच्या जॅझमध्ये स्वरमेळ दर एक-दोन मात्राखंडांनी बदलतो. तो असा सरकत राहिला, की ऐकणाऱ्याच्या कानातला षड्जच हलतो. राग मग राहतो कुठे?

वाट जॅझनेच आधी शोधून ठेवली होती. माइल्स डेव्हिस यांच्या १९५९च्या ‘काइंड ऑफ ब्लू’मध्ये ‘सो व्हॉट’ नावाची रचना आहे: सोळा मात्राखंड एकच स्वरसप्तक, मग आठ खंड तेच अर्ध्या स्वराने वर, पुन्हा आठ खंड मूळ जागी. स्वरमेळांची धावपळ थांबते आणि वाजवणाऱ्याला एका सप्तकात रमायला जागा मिळते. आपल्याकडच्या कानाला हे ओळखीचे वाटते. अशा बैठकीवर गायिकेला राग न मोडता गाता येतो, अट एवढीच की पियानोवाल्याने दहा बोटे असूनही कमी वाजवावे. हात आवरणे हे वाद्यावर हात बसवण्याइतकेच अवघड असते. २००८ साली निघालेल्या ‘माइल्स फ्रॉम इंडिया’त डेव्हिस यांचे जुने साथीदार आणि भारतीय कलावंत एकत्र वाजले, त्यात बँक्स होते, हे मला योगायोगाचे वाटत नाही. त्याच साली जॉन मॅक्लॉफ्लिन यांच्या ‘फ्लोटिंग पॉइंट’मध्येही त्यांचे वादन आले. दोन्ही ध्वनिमुद्रिकांना ग्रॅमीची नामांकने मिळाली.

लोणावळ्यात राहणाऱ्याला पियानोविषयी आणखी एक गोष्ट कळते. इथल्या पावसात लाकूड फुगते, पट्ट्या अडकतात, तारांना गंज चढतो. पेटी उचलून कोरड्या खोलीत नेता येते, पियानो जागचा हलत नाही. मराठी घरात पेटी रुजली आणि पियानो बंगल्यांपुरता उरला, याला सौंदर्यशास्त्रापेक्षा हे कारण अधिक असावे. हवेचा त्रास नसलेला विजेचा कीबोर्ड आला आणि पियानोचे बोल भावगीताच्या मंचावर सर्रास ऐकू येऊ लागले.

तरी वाद्य आले म्हणून वाजवणाऱ्याचे नाव आले नाही. आपल्याकडे गीत, संगीत, स्वर अशी तीन नावे छापण्याची रीत. ‘संगीत संयोजन’ हा चौथा रकाना उशिरा आला, तोही बारीक अक्षरात. पुण्याचे इनॉक डॅनियल्स, मुंबईचे अनिल मोहिले यांची गाणी कुणाची म्हणून ओळखली जातात, ते आठवून पाहावे. बँक्स यांच्या ‘सिल्क’ या गटात गाणारे शंकर महादेवन हे श्रीनिवास खळे यांचे शिष्य. खळेअण्णांचे नाव आपण त्यांच्यासोबत लगेच घेतो. मंचावर त्यांच्या शेजारी कीबोर्डवर कोण बसले होते, हे विचारायचे मात्र राहून जाते.