निपाणीच्या वखारी आणि इतिहासाचे दप्तर

निपाणीचे नाव निघाले की मराठी वाचकास बहुधा दोनच प्रकरणे आठवतात: १ नोव्हेंबर १९५६ रोजी हा मुलूख तत्कालीन म्हैसूर राज्यात गेल्याने उद्भवलेला सीमाप्रश्न, आणि १९८१ साली शरद जोशी यांच्या नेतृत्वाखाली तंबाखूच्या भावासाठी पुणे-बंगळूर महामार्ग अडवून बसलेले व ६ एप्रिलच्या गोळीबारात बळी पडलेले शेतकरी. परंतु शेतातून निघालेली तंबाखू विडीत पडण्यापूर्वी ज्यांच्या हातांखालून जात असे, त्या वखारीतील बायांचा उल्लेख या दोन्ही कथांत ओझरता येतो. आणि त्याचा दोष त्यांच्या मौनापेक्षा आपल्या इतिहासलेखनाच्या रिवाजाकडेच अधिक जातो, असे माझे मत आहे.

तंबाखू कुटावयाची, चाळावयाची, काड्या निराळ्या करावयाच्या. चाळण हलली की उडणारी भुकटी पदराने नाकतोंड बांधले तरी घशात उतरावयाची. सावकाराच्या खतावणीत मालाचे वजन, आडत, दलाली मांडली जाई. ठसक्यासाठी रकाना असण्याचे तिला प्रयोजनच नव्हते. सुभाष जोशी प्रभृती कार्यकर्त्यांच्या साहाय्याने या बायांनी संघटना उभारली, सुमारे ४,००० जणी लढ्यात उतरल्या, आणि युगांतर या चित्रपट-समूहाने १९८२ च्या सुमारास केलेल्या माहितीपटात आपली हकीकत त्यांनी आपल्याच तोंडाने सांगितली.

अशी कागदाबाहेरची साक्ष प्रमाण मानणाऱ्या इतिहासकार गेल ऑमव्हेट याच महामार्गावर, निपाणीच्या उत्तरेस, कासेगावी राहत. अमेरिकेत १९४१ साली जन्मलेल्या, बर्कले येथे १९७३ साली ब्राह्मणेतर चळवळीवर प्रबंध पुरा केलेल्या आणि १९८३ मध्ये भारतीय नागरिक झालेल्या या विदुषीने शेतमजूर स्त्रियांच्या सभा-मोर्चांत हिंडून ग्रंथ लिहिले, देवदासी प्रथेविरुद्ध लेखणी चालविली. जात आणि वर्णद्वेष यांची सांगड त्यांनी घातली ती काही परदेशातून आणलेली नव्हे; जोतीराव फुल्यांनी १८७३ सालीच ‘गुलामगिरी’ अमेरिकेतील गुलामांना दास्यमुक्त करणाऱ्या सज्जनांस अर्पण केली होती, आणि एप्रिल १९२५ मध्ये खुद्द निपाणीत बहिष्कृतांच्या प्रांतिक परिषदेचे अध्यक्षपद भूषविणाऱ्या डॉ. आंबेडकरांनी १९४६ साली कृष्णवर्णीयांचे इतिहासकार ड्यू बॉइस यांना पत्र धाडून, निग्रो समाजाने संयुक्त राष्ट्रांपुढे ठेवलेल्या अर्जाची प्रत मागविली होती. २००१ साली डर्बन येथील वर्णद्वेषविरोधी परिषदेत जातीचा विषय यावा की नाही, हा वाद पेटला तेव्हा, भारत सरकारचा विरोध असतानाही, ऑमव्हेट यांनी तो यावाच असे लिहिले.

शरद जोशींच्या शेतकरी संघटनेची त्यांनी पाठराखण केली, हे मात्र अनेक डाव्या सहकाऱ्यांस रुचले नाही. ती संघटना या सहकाऱ्यांना धनिक शेतकऱ्यांची चळवळ वाटे. निपाणीत हा वाद पुस्तकी राहत नाही, कारण तंबाखूला चढा भाव मागणारा शेतकरी आणि चाळणीमागे मजुरी वाढवून मागणारी बाई ही तेथे कित्येकदा एकाच आळीत राहत.