सोसणाऱ्यांचं म्हणणं नोंदवणारा कॅमेरा



बैठकीत जी बोलते, तिचंच म्हणणं इतिवृत्ताच्या वहीत येतं. गप्प बसलेलीचं राहून जातं. देशाच्या इतिहासातही असंच होतं. ही राहून गेलेली बाजू नोंदवणारे मुंबईचे माहितीपटकार म्हणजे आनंद पटवर्धन. माहितीपटात नट-नट्या नसतात. खरी माणसं आपलं खरं जगणं सांगतात.

पटवर्धनांचा जन्म १९५० चा, मुंबईतला. मुंबईत झोपड्या पाडल्या जात होत्या, तेव्हा ते कॅमेरा घेऊन बेघर झालेल्यांकडे गेले. त्यातून १९८५ मध्ये ‘हमारा शहर’ तयार झाला. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तरी दूरदर्शनवर तो यावा म्हणून कोर्टात लढावं लागलं.

मे १९९८ मध्ये पोखरणला अणुचाचण्या झाल्या. अनेक ठिकाणी पेढे वाटले गेले. पटवर्धन मात्र पोखरणजवळच्या गावकऱ्यांना भेटले. जादूगोड्याच्या युरेनियम खाणींजवळच्या आदिवासींना भेटले. हिरोशिमाचा बॉम्ब सोसून वाचलेल्यांचंही ऐकलं. २००२ मध्ये ‘जंग और अमन’ पूर्ण झाला. सेन्सॉर मंडळानं त्यातले भाग कापायला सांगितले. पटवर्धन मुंबई उच्च न्यायालयात गेले, आणि २००३ मध्ये काहीही न कापता चित्रपट दाखवायची परवानगी मिळाली.

१९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलीस गोळीबारात दहा जण गेले. ‘हमारा शहर’मध्ये गायलेले शाहीर विलास घोगरे यांनी त्या दुःखात जीव दिला. पटवर्धनांनी चौदा वर्षं काम करून २०११ मध्ये ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण केला. भायखळ्याच्या बीआयटी चाळीत तो वस्तीतल्या लोकांनी एकत्र बसून पाहिला.

बॉम्ब वेगळा, वीज वेगळी. पण विजेसाठीही कुणाची तरी जमीन जातेच. आपल्या पालघर जिल्ह्यातलं तारापूर अणुवीज केंद्र १९६९ पासून चालू आहे. तिथल्या विस्थापितांवर प्रदीप इंदुलकर यांनी ‘हाय पॉवर’ हा माहितीपट केला. ते स्वतः पूर्वी भाभा अणुसंशोधन केंद्रात अभियंते होते. २०१३ मध्ये ब्राझीलच्या रिओ शहरातल्या महोत्सवात त्याला पुरस्कार मिळाला.

वीज आपल्यालाही हवीच आहे. घरात, पिठाच्या गिरणीत, पाण्याच्या मोटारीला. म्हणून प्रश्न नुसता ‘हवी की नको’ एवढाच नाही. जमीन कुणाची गेली, मोबदला कुणाच्या नावे झाला, घरातल्या बाईला कुणी विचारलं का, हेही प्रश्नच आहेत. गावात उद्या धरण येवो, रस्ता येवो की कारखाना, ग्रामसभेत हे विचारा आणि आपलं म्हणणं इतिवृत्तात लिहून घ्या. सही करण्याआधी ते वाचायला मात्र विसरू नका.