पोवळ्याचं कूळ

सांगलीच्या सराफ कट्ट्यावर पोवळं मागितलं, की मखमलीवर चार-पाच लांबट दाणे येतात. एखादा गाजरी, एखादा शेंदरी, एखादा गडद लाल. मंगळासाठी अंगठी करणारे रंग आणि वजन बघतात. मी आधी भिंग मागून घेतो. अस्सल दाण्यावर केसाहून बारीक उभ्या रेषा दिसतात, लाकडाच्या नसांसारख्या. या फांदीदार, नसा असलेल्या वस्तूने माणसाला शतकानुशतकं चकवलं.

शब्दच पाहा. पोवळं आलं प्राकृतातल्या 'पवाल'वरून, आणि पवाल संस्कृत 'प्रवाल'वरून. प्रवाल म्हणजे हे रत्न, आणि झाडाची कोवळी पालवीसुद्धा. दुसरं नाव विद्रुम; त्यातही 'द्रुम' आहेच. आयुर्वेदाच्या औषधी बाजारात अजून प्रवाळमूळ आणि प्रवाळशाखा असा माल वेगवेगळा मिळतो. मूळ, फांदी, पालवी... भाषेत अख्खं झाड उभं आहे.

युरोपातही निराळं नव्हतं. १७०६ साली मार्सिग्ली या इटालियन अभ्यासकाने ताजं पोवळं समुद्राच्या पाण्यात ठेवलं, तर त्यावर आठ पाकळ्यांची पांढरी फुलं उमलली. झाड असल्याचा पुरावाच मिळाला म्हणायचा! पुढे मार्सेयचा डॉक्टर पेसोनेल उत्तर आफ्रिकेच्या किनाऱ्यावर तीच फुलं न्याहाळत बसला. हात लावला की ती मिटत, सोडून दिलं की पुन्हा उघडत. हे प्राणी आहेत, असं त्याने कळवलं. फ्रेंच शास्त्रज्ञ रेओम्यूरने १७२७ मध्ये पॅरिसच्या विज्ञान अकादमीपुढे ते मत मांडलं, पण पेसोनेलचं हसं होऊ नये म्हणून त्याचं नाव घेतलं नाही. पेसोनेलबद्दल मला फार आपुलकी वाटते. त्याचं खरं होतं, आणि ते पटायला पुढे वीसेक वर्षं जावी लागली.

हे लाल पोवळं मुळात आपल्या समुद्रातलं नव्हेच, ते भूमध्य समुद्रातलं. रोमन लोकांना मोत्यांचं जेवढं अप्रूप, तेवढं हिंदुस्थानी लोकांना पोवळ्याचं, असं तिथल्याच प्लिनी या लेखकाने पहिल्या शतकात लिहून ठेवलं आहे. सतराव्या-अठराव्या शतकांत इटलीच्या लिव्होर्नो बंदरातून पोवळं गोव्याला यायचं आणि त्याच्या बदल्यात हिरे जायचे.

पण खरा गुंता पुढेच आहे. ज्याला आपण पिढ्यान्‌पिढ्या पोवळं म्हणत आलो, ते प्रवाळभित्ती बांधत नाही. त्याच्या प्राण्याला आठ संस्पर्शक, म्हणजे मार्सिग्लीला पाकळ्या वाटल्या ते. भित्ती बांधणारं पाषाणप्रवाळ वेगळ्या कुळातलं: त्याची मोजणी सहाच्या पटीत, सहा, बारा, चोवीस. दोघांचा सांगाडा चुन्याचाच, पण लाल पोवळ्याचा कॅल्साइटचा आणि पाषाणप्रवाळाचा अ‍ॅरागोनाइटचा. ही दोन कुळं बोलण्यात एका शब्दाखाली नांदत आहेत; शास्त्राला मात्र वेगळे शब्द लागतात. असे शब्द जुळवणाऱ्या मराठी विश्वकोशाचं काम सुरू झालं ते सातारा जिल्ह्यात वाईला, तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींच्या देखरेखीखाली. तिथून १९७३ साली परिभाषासंग्रह निघाला. समुद्रापासून एवढ्या लांब, कृष्णेच्या काठी बसून समुद्रातल्या जिवांसकट सगळ्या शास्त्रांसाठी मराठी शब्द जुळवायचे, हे काम किती चिकाटीचं असेल!

पाषाणप्रवाळाची जात ओळखणं म्हणजे काय, ते मी एका महाविद्यालयात काचेच्या कपाटातल्या जुन्या नमुन्यावर पाहिलं. पोरायटीस नावाचा तो गोळा. लांबून नुसता धोंडा, भिंगाखाली आणला की टाचणीच्या डोक्याएवढ्या खळग्यांची चाळण. प्रत्येक खळगा एका प्राण्याचं घर, जेमतेम दीड मिलिमीटरचं. आत उभे पडदे. त्यांतल्या एका बाजूच्या तीन पडद्यांची टोकं जुळलेली आहेत की सुटी, हे जात ठरवताना बघावं लागतं. मान अवघडते, डोळ्यांत पाणी येतं, आणि मोजता मोजता आकडा चुकतो. फॅव्हाइट्स या दुसऱ्या प्रवाळात शेजाऱ्यांची भिंत सामाईक, मधाच्या पोळ्यासारखी. गोनिओपोराला चोवीस संस्पर्शक आणि तिच्यासारख्याच दिसणाऱ्या अल्व्हिओपोराला बारा. इथे जिवंत प्राणी समोर असला तर काम सोपं.

नुसत्या आकारावर मात्र विसंबता येत नाही. टर्बिनारियाची एकच जात उथळ, उजेडाच्या पाण्यात वळ्यावळ्यांची होते आणि खोल पाण्यात ताटासारखी पसरते. जुन्या संग्रहालयांतून अशा रूपांना वेगवेगळी नावं पडली. ऑस्ट्रेलियाच्या चार्ली व्हेरॉनने स्वतः बुड्या मारून हा घोळ बराच निस्तरला. त्याचा तीन खंडांचा ग्रंथ २००० साली आला. २००४ मध्ये डीएनएने निराळाच धक्का दिला: अटलांटिकमधली आणि आपल्याकडची, एका कुळातली समजली गेलेली कितीतरी प्रवाळं रक्ताने दूरची निघाली. आपल्या बाजूच्या फॅव्हिया या प्रवाळाचं नाव आता डिप्सॅस्ट्रिया आहे.

आपल्या कोकण किनाऱ्यावर हे जीव आहेत, हे छापून आलं १९७९ मध्ये, गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या कासिम आणि वाफर यांच्याकडून. त्यात मालवण होतं. १९८७ मध्ये तिथे सागरी अभयारण्य झालं. २००१ पासून पाषाणप्रवाळाला वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीचं संरक्षण आहे. तुकडा उचलून घरी आणणंही गुन्हा.

आणि विजयदुर्गापासून शंभरेक किलोमीटर पश्चिमेला, भर समुद्रात एक बुडालेलं पठार आहे. माथा पाण्याखाली वीसेक मीटरवर, त्यावर जिवंत प्रवाळ. नकाशात नाव 'अँग्रिया बँक'. अँग्रिया म्हणजे इंग्रजांच्या तोंडचे आंग्रे. कान्होजी आंग्रे मराठी आरमाराचे सरखेल. त्यांच्या धास्तीने ज्यांची झोप उडायची, त्यांच्याच नकाशात हे नाव टिकलं. डिसेंबर २०१९ मध्ये 'सिंधु साधना' जहाजावरून शास्त्रज्ञ तिथली प्रवाळं पाहायला गेले. तिथल्या एकेका जातीला लॅटिन नाव आहे. रोजच्या मराठीत मात्र त्या सगळ्यांना मिळून अजून एकच शब्द आहे, पोवळं.