खिडकीतील संगणक-खेळ
खिडकीतील संगणक-खेळ : संपूर्ण पडदा न व्यापता, इतर कामांच्या शेजारी एका चौकटीत खेळ चालविण्याची पद्धती. डॉस या जुन्या संगणक-प्रणालीच्या अमदानीत खेळ सुरू होताच पडद्याचा सारा अंमल त्याच्या हाती जाई. 1990 मध्ये विंडोज 3.0 बरोबर आलेला सॉलिटेअर हा पत्त्यांचा खेळ मात्र आरंभापासून खिडकीतच नांदला. 1995 मध्ये डायरेक्टड्रॉ या चित्रे रेखाटणाऱ्या घटकाने विंडोजवरील खेळांना पडद्याचा अनन्य ताबा मिळवून दिला, ज्यामुळे वेग वाढला खरा, परंतु आल्ट व टॅब या कळा दाबून क्षणभर बाहेर पडू पाहणाऱ्याचा पडदा काळा पडावा आणि कित्येकदा खेळच बंद पडावा, ही पीडाही त्यातूनच उद्भवली. 256 रंगांवर बेतलेला खेळ खिडकीत आणावयाचा, तर पुष्कळदा अख्ख्या डेस्कटॉपची रंगसंख्या तेवढीच करावी लागे.

विंडोज व्हिस्टापासून सर्व चौकटी एकत्र रचून पडद्यावर मांडण्याचे काम डेस्कटॉप विंडो मॅनेजरकडे सोपविले गेले. त्यायोगे खिडकीतील चित्र मधोमध फाटणे थांबले, तरी ते उमटण्यास किंचित विलंब होऊ लागला, आणि चुरशीने खेळणारे याच कारणास्तव पूर्ण पडद्याचा आग्रह धरीत. विंडोज 10 मध्ये ही तफावत बव्हंशी मिटली. संपूर्ण पडदा व्यापणारी, परंतु खिडकीच राहणारी कडाविरहित खिडकी हा मध्यम मार्ग आज सर्वत्र रूढ आहे.

जुन्या खेळांच्या जतनात खिडकीचे मोल विशेष मानले पाहिजे, कारण 320 × 200 बिंदूंचे चित्र विशाल पडद्यावर ताणले असता त्याची रेखीवता हरपते. डॉसवरील जुने खेळ चालविणाऱ्या डॉसबॉक्स या आज्ञावलीत आल्ट व एंटर या कळांनी खिडकी व पूर्ण पडदा यांची अदलाबदल होते. चौकटीत अडकलेला माउस कंट्रोल व एफ10 दाबून मोकळा करता येतो.