निनावी माणसांना चेहरा देणारा माहितीपट

व्यसनाच्या विळख्यात सापडलेला माणूस सर्वांना दिसतो; त्यातून सुटलेला मात्र गर्दीत मिसळून जातो. त्यामुळे समाजाच्या मनातील व्यसनाधीनतेचे चित्र अपुरेच राहते. २०१३ मध्ये अमेरिकेत तयार झालेला 'द अ‍ॅनॉनिमस पीपल' हा माहितीपट या चित्राची दुसरी बाजू दाखवतो. त्याचे दिग्दर्शक ग्रेग विल्यम्स हे स्वतः वयाच्या १७ व्या वर्षापासून व्यसनमुक्त आहेत.

माहितीपटाच्या नावामागे इतिहास आहे. बिल विल्सन आणि डॉ. बॉब स्मिथ यांनी १९३५ मध्ये ओहायोतील अ‍ॅक्रन येथे 'अल्कोहोलिक्स अ‍ॅनॉनिमस'चा पाया घातला. एका मद्यपीने दुसऱ्याला आपला अनुभव सांगणे, हे या संघटनेचे मूळ सूत्र. मात्र वृत्तपत्रे, नभोवाणी आणि चित्रपट यांतून सदस्यांनी निनावीच राहावे, असे तिच्या १२ परंपरांपैकी अकरावी परंपरा सांगते. या परंपरा १९५० मध्ये क्लीव्हलँडच्या अधिवेशनात स्वीकारण्यात आल्या. लोकलज्जेमुळे दाराशीच अडखळणाऱ्यांना या गुप्ततेने आधार दिला. एखाद्या नामवंताचे पाऊल पुन्हा घसरले, तरी संघटनेच्या विश्वासाला तडा जाऊ नये, हाही हेतू होता.

मग कॅमेऱ्यासमोर बोलायचे कसे? व्यसनमुक्तीची उघड कबुली द्यायची, पण संघटनेच्या सदस्यत्वाविषयी मौन पाळायचे, हा मध्यममार्ग माहितीपटात मांडला आहे. बास्केटबॉलपटू ख्रिस हेरेन, अभिनेत्री क्रिस्टन जॉन्स्टन यांनी त्यात आपले अनुभव सांगितले आहेत. याआधी १९७६ मध्ये चांद्रवीर बझ आल्ड्रिन यांच्यासह ५२ मान्यवरांनी वॉशिंग्टनमध्ये एकत्र येऊन आपण मद्यपाशातून मुक्त झाल्याचे जाहीर केले होते. व्यसन हा चारित्र्यदोष नसून उपचारसाध्य आजार आहे, हे सांगण्याचा तो प्रयत्न होता.

अनुभवकथनाचे हे सामर्थ्य महाराष्ट्रालाही परिचित आहे. डॉ. अनिता व डॉ. अनिल अवचट यांनी १९८६ मध्ये पुण्यात सुरू केलेल्या 'मुक्तांगण'मध्ये व्यसनमुक्त झालेली माणसेच नव्या रुग्णमित्रांना धीर देतात. फरक श्रोत्यांचा आहे. बंद खोलीत सांगितलेली कहाणी तिथेच राहते. पडद्यावर सांगितलेली मागे घेता येत नाही. पत्नी, मुले, नोकरी यांवर तिचे पडसाद उमटतात. म्हणूनच बोलण्याचा निर्णय ज्याचा त्यानेच घ्यायचा असतो आणि मौनालाही तितकाच मान द्यायचा असतो.